डाव्या बुटाला आलेला संशय

मी एक जुना फुटबॉलचा बूट आहे, डाव्या पायाचा. स्वयंपाकघराच्या खिडकीत, कोळशाच्या शेगडीपासून हातभर अंतरावर माझी जागा आहे. मित्रांनो, तुम्ही मला उचलाल आणि आधी हुंगून पाहाल, अशी मला शंका आहे. सगळे तेच करतात. हुंगून काय कळते आणि काय कळत नाही, एवढीच माझी गोष्ट आहे.

माझे कातडे गाईचे. नाक पेटीसारखे कडक, घोटा झाकेल एवढी उंची, आणि तळाला कातड्याच्या चकत्या खिळ्यांनी ठोकून केलेले स्टड. पण मी कारखान्यात तयार झालो असे मी मानत नाही. मी बादलीत तयार झालो. वॅटी गिलफिलनने मला आणि उजव्याला पायात घातले आणि दोन्ही पाय गरम पाण्याच्या बादलीत सोडून तो बसून राहिला. पाणी निवल्यावर तसाच ओल्या बुटांनी अंगणभर फिरला. कातडे वाळले तेव्हा त्याच्या पायाचा आकार आमचा झाला होता. बॅलकर्नीत सगळे खेळाडू असेच करतात.

बॅलकर्नी हे समुद्राकाठचे कोळशाच्या खाणीचे गाव. इथला संघ बॅलकर्नी थिसल, आणि वॅटी त्या संघाचा सेंटर हाफ, म्हणजे बचावाच्या मधोमध उभा राहणारा गडी. उंच, मोठ्या कपाळाचा. कडेवरून उंच चेंडू आला की तो उडी मारायचा आणि चेंडू डोक्याने परत जिथून आला तिथे धाडायचा. चिखलात भिजलेला चेंडू दगडासारखा जड होतो, तरी तो मान आखडून घेत नसे. लोकांनी त्याचे नाव फाटक ठेवले होते. प्रतिस्पर्धी पुढे आले की मैदानाकडेच्या उतारावर उभी असलेली माणसे ओरडायची, "फाटक लावा रे, फाटक."

उजवा बूट चेंडू मारायचा, म्हणून त्याचे कौतुक व्हायचे. मी टेकायचा बूट. वॅटी उडी मारताना माझ्यावरून उठायचा आणि माझ्यावरच उतरायचा. पण ज्याच्यावर कोणी उभे राहते, त्याला उभ्या राहणाऱ्याची सगळी खबर असते. उजव्याला हे कधी पटले नाही.

ती चांगली वर्षे होती. देशाच्या संघाच्या चाचणीलाही वॅटीला एकदा बोलावले होते. त्या दिवशी एवढे धुके पडले की सामना झालाच नाही, आणि पुन्हा बोलावणे आले नाही. वॅटी याबद्दल फारसे बोलत नसे. बूट धुवायला तो कोणाला देत नसे. खाकी पिशवीत घालून आम्हाला घरी आणायचा, चिखल काढायचा आणि ओल जावी म्हणून आमच्या पोटात शनिवारचे गुलाबी क्रीडापत्र कोंबायचा. जगाची माहिती मला तिथूनच मिळते. रविवारी चर्चहून आल्यावर तो शेगडीजवळ बसून मला चरबी चोळायचा आणि त्याची बायको आयसा बार्लीचे सूप ढवळायची.

मला पहिली शंका आली ती माझ्याच तळव्यामुळे.

पूर्वी माझे स्टड सारखे झिजत. त्या हिवाळ्याच्या सुरुवातीला बाहेरच्या कडेचे स्टड लवकर झिजू लागले. म्हणजे वॅटी पाय फाकवून उभा राहत होता. बोटीत उभा राहणारा माणूस राहतो तसा. मैदान तर हलत नव्हते. मग एका शनिवारी त्याने मला चक्क उजव्या पायात घातले, नाडी बांधली आणि उठला. शेजारी बसलेला गोलकीपर चिक रिंटूल म्हणाला, "लेका, आज पाय बदलून आणलेस का?" सगळे हसले. वॅटीही हसला, पण नाडी सोडताना त्याची बोटे घाई करत होती.

तिसरी गोष्ट पुदिन्याच्या गोळ्यांची. आमच्याकडे त्या पांढऱ्या गोळ्या चर्चमध्ये खातात. प्रवचन लांबले की बाकाबाकांवरून पिशवी फिरते आणि सगळा गाव गाल फुगवून ऐकत बसतो. शनिवारी कोणी त्या खात नाही. वॅटी खाऊ लागला. मैदानात जाण्याआधी एक, मध्यंतराला एक.

आयसाने ते घरी पकडले. त्याचा कोट झटकताना खिशातून गोळी पडली.

"वॅटी, आज कोणता वार आहे?"

"शुक्रवार. का?"

"मग या रविवारच्या गोळ्या आज काय करताहेत?"

"घसा धरलाय गं."

"दाखव घसा."

"आयसा, उगाच काहीतरी."

 तो बाहेर गेल्यावर तिने त्याचा चहाचा कप हुंगला. मग कोटाची बाही. मग मला उचलून मलाही हुंगले. मित्रांनो, बुटात दारू कोण ठेवतो? पण तिला दोष देता येणार नाही. वॅटीचा बाप खाणीत कामाला होता आणि दारूपायी गेला. बंदराच्या पायऱ्यांवरून घसरला, एवढेच सगळे सांगतात. बॅलकर्नीत माणूस डुलताना दिसला की त्याला एकच कारण असते. वॅटीने तर तरुणपणीच पाद्र्यांसमोर दारू न पिण्याची शपथ घेतली होती. पण शपथ घेतलेला माणूस प्यायला की पुदिना खातो, हेही गावाला ठाऊक होते.

खरे सांगायचे तर मलाही तसेच वाटू लागले होते. नंतर मला त्याहून वाईट वाटू लागले, आणि ते चिक रिंटूलमुळे.

चिक गोलमध्ये उभा असतो, म्हणजे वॅटीच्या पाठीमागे. पूर्वी तो शिव्यांखेरीज काही बोलत नसे. आता उंच चेंडू आला की तो हळूच, पण मला ऐकू येईल असा, एक शब्द टाकायचा. "आतला." किंवा "बाहेरचा." शब्द ऐकला की वॅटी उडी मारायचा. कधी शब्द यायला उशीर झाला तर वॅटी भलत्याच जागी उडायचा, आणि चेंडू त्याच्या कानाजवळून आत. गोल.

आतला म्हणजे काय? बाहेरचा म्हणजे काय? हा नक्कीच काहीतरी ठरलेला इशारा होता. माझ्या पोटातल्या गुलाबी कागदात मी वाचले होते की दूरच्या एका शहरात खेळाडूंनी सामना विकला होता. मी उजव्याला म्हणालो की हे दोघे मिळून मुद्दाम हरताहेत. उजवा म्हणाला, "तुला प्रत्येकात चोर दिसतो." मी म्हणालो की मला काही दिसत नाही, मी फक्त मोजमाप करतो, आणि झीज खोटे बोलत नाही.

झीज खरी होती. तिचा अर्थ मी चुकीचा लावत होतो.

लोकही बोलू लागले. उतारावरून आवाज यायचे. "वॅटी, गोलचा खांब धर रे, तो डुलतोय." "शेवटी बापाचाच पोरगा." कोणीतरी पुदिन्याची गोळी मैदानात फेकली. ती माझ्याजवळ चिखलात पडली आणि वॅटीने मला तिच्यावर ठेवून दाबले. तेवढ्या एका क्षणी त्याचा सगळा भार माझ्यावर सरळ आला होता.

मग एका सामन्यात चेंडूसाठी तो आणि समोरचा गडी एकदम उडाले. कपाळावर कपाळ आपटले. वॅटी पडला. आमचा म्हातारा ट्रेनर एब मक्लाची बादली घेऊन धावत आला. एबकडे सगळ्या दुखण्यांवर एकच औषध होते. बर्फासारख्या पाण्यात बुडवलेला स्पंज. गुडघा असो, बरगडी असो, डोके असो, स्पंज दाबायचा आणि उरलेले पाणी मानेवरून आत सोडायचे. त्याने ते केले. मग वाकून म्हणाला, "आ कर."

वॅटीने तोंड उघडले. एबने हुंगले.

"पुदिना," तो पंचांना म्हणाला. "प्यायलेला नाही. ठीक आहे हा." दोघांनी वॅटीला हात देऊन उठवले.

"मला उभं करा, एब," वॅटी म्हणाला.

"उभा तर आहेस की, पोरा."

वॅटीला ते माहीत नव्हते.

त्या काळी बदली खेळाडू नसे. माणूस बाहेर गेला की संघ एकाने कमी. म्हणून जखमी गड्याला बाहेर काढत नसत, त्याला कडेला नेऊन उभे करत, म्हणजे निदान आकडा तरी पुरा दिसे. वॅटी उरलेला सामना कडेच्या रेषेवर उभा राहिला. रेषा सरळ होती. तो नव्हता. आणि मला वाटले, एब हुंगण्यात चुकला असेल.

पुढच्या आठवड्यात बर्फ पडले. सामना रद्द झाला, रस्ते बंद झाले. शनिवारी न्याहारी झाल्यावर आयसाने पुढच्या दाराला कुलूप लावले आणि किल्ली एप्रनच्या खिशात टाकली. मागचे दार बर्फाने अडले होते. मी शेगडीजवळूनच पाहत होतो. ती दिवसभर घरभर त्याच्या मागे होती. तो कोळसा आणायला गेला तर तिने आधी कोळशाची पेटी उपसून पाहिली. चहा तिने स्वतः ओतला. रविवारी चर्चलाही कोणी गेले नाही. पुदिन्याच्या गोळ्या तिने वरच्या फळीवर ठेवल्या होत्या.

दुपारी वॅटी मला चरबी चोळायला बसला. चोळून झाल्यावर उठला, दाराकडे निघाला आणि खांदा चौकटीवर आपटला. दार नेहमीचेच होते. तो इतकी वर्षे त्यातून जात होता.

आयसाने चमचा खाली ठेवला. खिशातून किल्ली काढून टेबलावर ठेवली.

"काल सकाळपासून तू माझ्या डोळ्यांसमोर आहेस," ती म्हणाली. "घरात थेंब नाही. मी गादीसुद्धा उसवून पाहिली."

"गादी उसवलीस?"

"शिवली परत. वॅटी, तू पीत नाहीस."

"तेच तर सांगतोय मी केव्हापासून."

"नाही, तू घसा धरलाय सांगत होतास. पीत नाहीस, मग डुलतोस का?"

तो खुर्चीत बसला. त्याने मला पुन्हा मांडीवर घेतले. मग म्हणाला, "दोन दिसतात."

"काय दोन?"

"चेंडू. उंच आला की दोन होतात. दारंही दोन होतात कधीकधी. पोटात ढवळतं, म्हणून गोळी. चिकला सांगितलंय फक्त. खरा कुठला ते तो मागून ओरडतो, आतला का बाहेरचा."

मित्रांनो, मी कातड्याचा आहे, मला घाम फुटत नाही. पण चिकबद्दल मी जे जे उजव्याला सांगितले होते, ते सगळे मला आठवले. त्याच वेळी दुसरी गोष्ट लक्षात आली. गावाने, एबने, आयसाने आणि मी, आम्ही सगळ्यांनी एकच तपासणी केली होती. उत्तर नाही असे येत होते, तरी आम्ही पुन्हा तोच प्रश्न विचारत होतो. दुसरा प्रश्न कोणाला सुचलाच नाही.

"शनिवारी खेळायचं नाही," आयसा म्हणाली.

पुढच्या शनिवारी कपचा सामना होता. ग्लासगोचा मोठा संघ बॅलकर्नीत येणार होता. दुकानांच्या काचांवर आठवडाभर आधीच संघाचे रंग लागले होते.

"खेळणार," वॅटी म्हणाला.

"एखादा चेंडू असा लागेल की उठणार नाहीस."

"आणि नाही खेळलो तर? सगळे म्हणतील, वॅटी गिलफिलन पिऊन पडला होता, बाप पडायचा तसा. जन्मभर म्हणतील. एकदा नीट खेळलो की बोलायला तोंड राहणार नाही कोणाला."

"डोक्याचं सांग त्यांना."

"डोक्याचं? इथं डोक्याला स्पंज लावतात, आयसा."

आयसाने चमचा उचलला आणि सूप ढवळू लागली.  मला एवढे कळले की आयसा जेव्हा उत्तर देत नाही, तेव्हा काहीतरी शिजत असते. सबंध आठवडा मला तिचा संशय येत होता. ती मला शेगडीत टाकील असेही एकदा वाटून गेले.

तिने मला टाकले नाही. शनिवारी तिने स्वतःच मला खाकी पिशवीत घातले आणि पिशवी वॅटीच्या हातात दिली.

कपडे बदलायच्या खोलीत वाफ, मलमाचा वास आणि घाबरलेल्या माणसांचे विनोद असतात. वॅटीने नाडी बांधली. या वेळी त्याने मला पायाशी नीट धरून पाहिले होते, कुठला डावा ते. तेवढ्यात दार उघडले आणि आयसा आत आली. त्या खोलीत बाई कधी आली नव्हती. कोणाच्या अंगावर शर्ट नव्हता, कोणाच्या पॅन्टच नव्हती. चिकने हातमोज्यांनी जमेल तेवढे झाकले.

मॅनेजर डल्गार्नो म्हणाले, "मिसेस गिलफिलन, इथं येत नसतात."

"आले आहे खरी," ती म्हणाली. "एब, तुम्ही वॅटीला हुंगा."

"आयसा, घरी जा," वॅटी म्हणाला.

"हुंगा, एब. नीट. सगळ्यांसमोर."

एबने डल्गार्नोंकडे पाहिले, मग वॅटीकडे गेला. हुंगले. बराच वेळ घेतला.

"काही नाही," तो म्हणाला. "पुदिनासुद्धा नाही."

"मोठ्यानं सांगा."

"दारू नाही. थेंबही नाही."

"आता चिक, तू डाव्या पायावर उभा राहा. डोळे मिट."

"असाच? मी अर्धा उघडा आहे, वहिनी."

"डोळे मिटलेस की तुला दिसणार नाही."

खोली हसली. चिक एका पायावर बगळ्यासारखा उभा राहिला, डोळे मिटून, आणि थोडा वेळ डुगडुगून स्थिर झाला. म्हातारा एबही उभा राहिला, आपल्या बादलीला न धरता.

"आता तू," ती वॅटीला म्हणाली.

तो तिच्याकडे पाहत राहिला. तिने काय मांडले होते ते त्याला कळले होते. तो नाही म्हणू शकला असता. पण मग सगळ्यांना वाटले असते की काहीतरी लपवतोय, आणि लपवायचे म्हणजे एकच. त्याने उजवा पाय उचलला. सगळा माणूस माझ्यावर आला. त्याने डोळे मिटले.

मित्रांनो, मी धरले. मी माझ्या कडेने, टाचेने, उरलेल्या प्रत्येक स्टडने धरले. पण बुटाला तोल सांभाळता येत नाही, त्याला फक्त तो कळतो. भार माझ्या बाहेरच्या कडेवर गेला, तसाच पुढे गेला, आणि वॅटी लाकूड पडते तसा पडला. हात पुढे करायलाही त्याला वेळ मिळाला नाही. चिकने त्याला मध्येच पकडले.

त्याने वॅटीला बाकावर बसवले.

"हा प्यायलेला नाही," आयसा म्हणाली.  "आणि त्याला उभं राहता येत नाही. दोन्ही तुम्ही बघितलंत. बाहेर हेच सांगा, दोन्ही सांगा."

डल्गार्नोंनी टोपी काढली, हातात फिरवली, परत घातली. मग राखीव गड्याला शर्ट दिला. एब बादली उचलून दाराशी गेला, थबकला, आणि पाणी तिथेच मोरीत ओतून रिकामी बादली घेऊन बाहेर गेला.

आम्ही एका गोलने हरलो. उंच चेंडूवरच गोल झाला. परत जाताना माणसे म्हणत होती की फाटक असते तर अडला असता. पण वॅटी प्यायला होता असे कोणी म्हणाले नाही, तेव्हाही नाही आणि नंतरही नाही. एडिनबर्गच्या डॉक्टरांनी पुढे सांगितले की डोक्यात जुनी इजा आहे, एकावर एक झालेली, आता चेंडूला डोके लावायचे नाही. म्हणजे वॅटीचे खेळणे संपले.

तो आयसाशी वसंत येईपर्यंत धड बोलला नाही. मीठ दे, दार लाव, एवढेच. मला वाटत होते की तो तिला माफ करणार नाही. एका रविवारी त्याने मला खाली घेतले, चरबी चोळली आणि तिच्याकडे न बघता म्हणाला, "चिकला आधी उभं केलंस ते बरं केलंस. नाहीतर म्हणाले असते, एका पायावर कोणालाच जमत नाही."

"म्हणून तर केलं," ती म्हणाली आणि सूप वाढले.

क्लबने उजव्याला काचेच्या कपाटात ठेवण्यासाठी नेले, कारण गोल त्याने मारले होते. मला कोणी मागितले नाही. वॅटी आता मैदानावर गवत कापतो. पांढऱ्या रेषा मात्र चिक मारतो, कारण वॅटीने मारलेली रेषा पाहून पंच हसले होते. मी खिडकीत असतो. चरबी चोळायची कोणाला आठवण राहिली तर राहते. माझे कातडे तडकायला लागले आहे. माझी एक विनंती आहे. मला उचललेत तर हुंगा हवे तर, पण उलटे करून तळवाही पाहा. बाहेरच्या कडेची झीज अजून तिथे आहे. ती त्या हिवाळ्यातही तिथेच होती आणि कोणी बूट उलटा केला नाही. माणसाचा तोल गेलेला दिसला तर त्याच्या बाबतीतही एवढे करा. हुंगून झाल्यावर आणखी एक प्रश्न विचारा.

आज सकाळी वॅटीने सपाता उलट्या घातल्या, डावी उजव्या पायात. आयसाने पाहिले. ती खाली बसली, त्याचे पाय एकेक करून उचलले आणि सपाता बदलल्या.

"मी मुद्दाम घातल्या होत्या," तो म्हणाला.

"हो का? मग मीही मुद्दाम बदलते," ती म्हणाली.

तो खरेच विसरला होता, की ती जवळ येऊन बसावी म्हणून करतो, याबद्दल मला शंका आहे. या वेळी मात्र मी ती तपासून पाहणार नाही.